उन्हात वाळवलेले सेल

आधीच सांगून ठेवते, माझं शिक्षण चौथीपर्यंत. ऱ्हस्व कुठे आणि दीर्घ कुठे हे तेव्हाही नीट कळलं नाही, आता कळायचा प्रश्नच नाही. अक्षर तर असं की वाण्याकडे यादी पाठवली तर तो नातीला विचारतो, "ही तूरडाळ काय तुरटी?" नातीच्या जुन्या वह्यांतली कोरी पानं उरली होती, त्यांत लिहिते आहे. कोणी वाचलं तर चुकांबद्दल माफ करावं, न वाचलं तर उत्तमच. मला चारचौघांत बोलता येत नाही, जन्मभर आलं नाही. पण माझ्या हातून एक गोष्ट घडली, ती चुकून घडली असं लोक अजून म्हणतात आणि हसतात. ते खोटं आहे. ती मी समजून केली. एवढं सांगण्यासाठी ही शाई खर्च करते आहे.

गेल्या महिन्यात रिया, माझी नात, फोन घेऊन स्वयंपाकघरात आली. मी बांगडे साफ करत होते. म्हणाली, "आजी, तुझा मुको गेला." माझ्या जुन्या रेकॉर्डच्या पाकिटावरून तिने त्याला ओळखलं होतं. फोनमध्ये एक म्हातारा होता, गालांवर सुरकुत्या, मांडीवर गिटार. रियाने वाचून दाखवलं की गाणं न म्हणता नुसत्या गिटारवर रॉकच्या रेकॉर्ड काढणाऱ्या पहिल्या माणसांतला तो एक, आणि जगभरच्या कितीतरी मोठ्या वाजवणाऱ्यांनी त्याचं ऐकून गिटार हातात धरली. मी हात धुतले, पुसले आणि मगच फोन घेतला. माणूस ओळखू येईना, पण गिटारच्या गळ्यावरून खाली येणारा त्याचा डावा हात ओळखला. त्याचं खरं नाव मी त्या दिवशी पहिल्यांदा ऐकलं. ते इथे लिहीत नाही, माझ्या हातून त्याची वाट लागेल. आमच्या घरात तो मुको होता आणि मुकोच राहील.

आमचं घर खाडीच्या काठाला. माझे वडील, आम्ही त्यांना पाय म्हणायचो, होड्या बांधायचे. घराच्या बाजूला माडाच्या झावळांची मोठी मांगर, म्हणजे कामाची शेड होती, तिथे होडीचा सांगाडा उभा असायचा, बरगड्या उघड्या पडलेल्या मोठ्या माशासारखा. सकाळी डोळे उघडायच्या आधी कानात तासणीचा आवाज यायचा, टक टक टक, मध्ये थांबायचा, म्हणजे पाय विडी पेटवताहेत. मग पुन्हा टक टक. त्या आवाजात मी मोठी झाले. पाय कामाच्या वेळी बोलायचे नाहीत आणि काम नसलं तरी फारसं बोलायचे नाहीत. मी त्यांच्यावर गेले. बोलायचं ते माय बोलायची, माझी आई, तिघांच्या वाटणीचं. सकाळी पेज आणि भाजलेला सुका बांगडा, दुपारी भात आणि माशाचं तिखलं, आणि सणाला सूर, म्हणजे माडाची ताडी, घालून फुगवलेली सान्नां, इडलीसारखी. सान्नांचं पीठ फुगलं की माय भांड्याला कान लावून बसायची. म्हणायची, "ऐक, बोलता हां." मी कान लावायची. पिठात बारीक बुडबुडे फुटायचे. मला वाटतं, कान लावून ऐकायची सवय मला तिथून लागली.

शाळा चौथीनंतर खाडीपलीकडे होती. तरीतून, म्हणजे माणसं पलीकडे नेणाऱ्या होडीतून जावं लागायचं. पण खरं कारण ती होडी नव्हे. मास्तर उभं करून कविता म्हणायला लावायचे आणि माझ्या तोंडातून शब्द निघायचा नाही. पोरं हसायची. पाद्री घरी आले तर मी दाराच्या मागे. माय लोकांना सांगायची, "ह्या चेडू देवान तोंड शिवन पाठयलेला." चेडू म्हणजे मुलगी. मी शाळा सोडली तेव्हा कोणी फार अडवलं नाही.

मायचा भाऊ, माझा मामा, बोटीवर होता. एकदा सुट्टीत आला तो एक पेटी घेऊन, सेलवर चालणारा रेकॉर्ड प्लेअर. आमच्याकडे वीज नव्हती. रेकॉर्ड सात-आठ होत्या, बहुतेक गाण्यांच्या, त्या मामाच्या मित्रांनी ऐकून ऐकून घासून टाकल्या. एकीवर मात्र कोणाचं मन बसेना. त्या पाकिटावर लाल कोटातला माणूस होता आणि त्याने गिटार अशी धरली होती जशी आम्ही रडणारं पोर धरतो. ती लावली की गिटार वाजायची, मागे ढोल, पण गाणं म्हणायला कोणी यायचंच नाही. माय वाट बघून कंटाळली. "ह्यो मुको मेलो, गाणा कधी म्हणतलो? निसतो टँवटँव करता." तेव्हापासून तो मुको. मला मात्र त्याचं फार नवल वाटलं. तोंड मिटून एवढं सगळं बोलणारा माणूस मी पहिल्यांदा ऐकत होते, आणि कोणी त्याला उभं करून कविता म्हण म्हणत नव्हतं.

मामा बोटीवर परत गेला, पेटी राहिली. एका बंदरात स्वस्तात घेतलेली एक इलेक्ट्रिक गिटारही तो टाकून गेला, जिचं लाकूड खाऱ्या हवेने फुटून गेलं होतं. माय तिच्यावर ओले रुमाल वाळत घालायची. मी एके दिवशी ती मांगरीत पायच्या पुढे नेऊन ठेवली. काही बोलले नाही. पायनी ती उलटी केली, सुलटी केली, फुटलेलं अंग काढून टाकलं आणि होडीतून उरलेल्या फणसाच्या फळीचं नवीन अंग बनवलं. पिवळं, जड. दोन तारा नव्हत्या, त्या सायकलच्या ब्रेकच्या वायरीतून सोडवून काढल्या. शेवटी बोटाने एक तार छेडली आणि म्हणाले, "लाकूड बरा आसा. वाजतला." एवढंच. पायनी माझ्यासाठी केलेलं सगळ्यात लांब भाषण ते.

विजेशिवाय इलेक्ट्रिक गिटारचा आवाज डासाएवढा. बाहेर कोणाला ऐकू यायचा नाही. मी तिच्या खांद्यावर हनुवटी टेकवायची, मग तो हाडांतून कानात यायचा. त्यामुळे मी शिकले ते कोणाला कळलं नाही असं मला वाटायचं. दुपारी माय झोपली, पाय मांगरीत, की मी मुक्याला लावायची आणि त्याच्या मागून एक एक बोट ठेवत जायची. रेकॉर्डवर एक ट्यून होती, पहिल्या बाजूची अगदी सुरुवातीची, तीच मला हवी होती. आता सेलांचं. सेल महाग. संपत आले की माय ते काढून खळ्यात, म्हणजे अंगणात, उन्हात ठेवायची, आमसुलांच्या रांगेत, आणि संध्याकाळी म्हणायची, "बघ, जीव इलो." जीव यायचा, पण अर्धा. चकती सावकाश फिरायची. मुको घाई न करता, प्रत्येक सूर लांबवत, भरतीचं पाणी खाडीत चढतं तसा वाजवायचा. मी तसंच शिकले. माझी गिटारही त्याच आवाजाला लावली. मला वाटायचं तो असाच आहे. शांत माणूस. मला काय माहीत.

आमच्या पंचक्रोशीत कायतान मास्तरांचा बँड होता. ट्रंपेट, व्हायोलिन, मोठा ढोल. त्यांचा गिटारवाला आखातात गेला आणि त्याच सुमारास कुडाळच्या बातिस शेटनी त्यांच्या भाच्याच्या लग्नाला बँड ठरवला. शेट मुंबईत राहून आलेले, त्यांना इलेक्ट्रिक गिटार हवीच होती. गिटारसाठी त्यांनी वेगळा इसारा आगाऊ दिला, पायच्या दीड महिन्याच्या मजुरीएवढा. मास्तरांनी त्या पैशांतून आवाजाचा बॉक्स घेतला आणि मग गिटारवाला शोधायला निघाले. ढोलाची कडी दुरुस्त करायला आमच्या मांगरीत आले होते, तेव्हा मायने माझं बिंग फोडलं; दुपारी ती झोपेचं सोंग घेऊन ऐकायची, हे मला तेव्हा कळलं. मास्तरांनी मला वाजवायला लावलं, कान जवळ आणला. "रोजू, ह्या तू खंयसून शिकलंस?" मी पेटीकडे बोट दाखवलं. त्यांनी आपल्या पिशवीतल्या बॅटरीचे नवे कोरे सेल काढले, आणखी चार वाडीतून मागवले, पेटीत घातले आणि मुक्याला लावलं.

मुको धावत सुटला. पोरं शाळा सुटल्यावर पळतात तसा. आवाजही वर चढलेला, माझ्या गिटारशी जुळेना. मला वाटलं पेटी बिघडली. मास्तर मांगरीत लाकडाच्या भुशावर बसून पोट धरून हसले. "अगो, ह्यो असो धावता, आणि तू तेका पेज भरवन निजयलंस!" माय हसली. पायसुद्धा हसले. मी रडले नाही, पण कानशिलं तापली. मास्तर म्हणाले, आठ दिवस आहेत, चाल वाढव, तारा वर चढव. मी दोन्ही केलं. आठव्या दिवशी मला ती ट्यून बरोबर त्याच्यासारखी यायला लागली, जलद, एकही बोट न चुकता. हे मी मुद्दाम लिहिते, कारण पुढे जे झालं ते मला जलद येत नव्हतं म्हणून झालं असं सगळे सांगतात.

लग्न कुडाळला, दुपारी, माटवात, म्हणजे मांडवात. माटवाच्या मागून डुकराच्या मटणाच्या सोरपोतेलचा वास येत होता. मास्तरांनी शेटना गिटारवाला कोण ते सांगितलं नव्हतं. मला ढोलाच्या मागे स्टुलावर बसवलं, "मुंडी खाली घाल नि वाजय," म्हणाले. मला मुंडी खाली घालायला सांगावं लागत नव्हतंच. वायर बॉक्सात गेली, मी तार लावून बघायला एक सूर छेडला, आणि तो आवाज! तो माझ्या हाडांतून नाही, माटवाच्या दुसऱ्या टोकाकडून आला. माणसं वळली. मुलं खेळायची थांबली. जन्मात माझ्या तोंडातून निघालेल्या एकाही शब्दाला कोणी असं वळून बघितलं नव्हतं. नवरा-नवरी दारात उभी होती. मास्तरांनी हात वर केला, चार बोटं मोजली, जलद. मी त्यांच्याकडे बघितलं आणि सावकाश सुरुवात केली. माझ्या मुक्याची चाल. दुपारची, खळ्यातली. जलद वाजवलं असतं तर ते त्याचं झालं असतं, आणि ते वाजवायला जगात पुष्कळ लोक होते. हे माझं होतं. ढोलवाला दोन ठोके गडबडला आणि मग माझ्यामागे आला. नवरीचा झगा लांब होता, ती माझ्या चालीने पाय टाकत आत यायला लागली.

ती मध्यावर पोचली असेल तोवर बातिस शेट आले. पांढरा सूट, हातात पेला. "मास्तर, कोण मेला काय हयसर? लग्नात मयताचा वाजयतास?" मग त्यांनी ढोलाच्या मागे वाकून बघितलं. "आणि ह्या काय? चेडू? गिटारवाल्याचे पैसे दिलंय मी, ह्या चेडवाचे नाय. थांबव गो." मी थांबले नाही. "थांबव म्हणतंय ना!" मास्तर माझ्याकडे डोळे वटारत होते. मी थांबले नाही. शेटनी वायर उपटली. आवाज गेला, ढोल गेला, सगळा माटव गप्प. मी हनुवटी गिटारवर टेकवली आणि राहिलेली ट्यून शेवटपर्यंत वाजवली. ऐकू येत होती ती मला एकटीला, पण मी वाजवते आहे हे दीडशे माणसं बघत होती. मुंडी खालीच होती. पण बोटं चालू होती.

रिया मला फोनवर ती मूळ रेकॉर्ड ऐकवते आणि म्हणते, "आजी, तू सगळी चुकीचीच वाजवतेस." मी म्हणते, त्याच्या घरी वीज होती, त्याला घाई परवडत होती.

लग्नाच्या दुसऱ्या दिवशी शेटचा निरोप आला. इसारा परत द्या. मास्तर म्हणाले, बॉक्स मी विकणार नाही, तो बँडाचा. चूक तुमच्या मुलीची, पैसेही तुम्हीच भरायचे. गिटार विका, कणकवलीत एक जण घेईल. पाय इमानी माणूस. दुसऱ्याचा पैसा घरात राहिला तर त्यांना जेवण जायचं नाही. संध्याकाळी माझ्यापुढे येऊन उभे राहिले. "रोजू, गिटार दी."

"दिवचंय नाय."

मायच्या हातातून पळी खाली आली. मी पायना कधी नाही म्हटलं नव्हतं. मुळात मी काही म्हटलंच नव्हतं.

"मगे पैसे?"

"मी फेडतलंय. वाजवन."

माय सुंगटं, म्हणजे कोळंबी, विकायची; ती मध्ये पडली. "वाजवन? अगो, शुद्ध आसा मां तुका? कोण बोलयतलो तुका? माझे सुंगटांचे पैसे आसत, ते घे आणि मोकळी हो."

"सुंगटांचे नको. वाजयलंय म्हणान मागतत, तर वाजवनच दितलंय."

पायनी गिटारच्या फणसाच्या अंगावरून अंगठा फिरवला. त्यांनीच बनवलेलं ते. मग म्हणाले, "दर बाजाराक तूच न्हेवन दियाचे. माका धाडू नको." मला वाटलं दया करतील, पण त्यांनी माझ्याच शब्दात मला बांधलं. बरं केलं. दर बुधवारी कुडाळच्या बाजारात, शेटच्या दुकानात, त्यांच्यासमोर जाऊन उभं राहायचं. मला त्यापेक्षा खाडीत उडी मारणं सोपं होतं.

पहिले दोन महिने कोणी बोलावलं नाही. मी रिकाम्या हाताने जायची. रिकाम्या हाताने का जायचं, असं माय विचारायची. पण न जाणं म्हणजे पळणं झालं असतं. दुकान भांड्यांचं होतं. मी पायरीवर उभी राहायची, शेट विचारायचे, "पैसे हाडलंस?" मी नाही म्हणून मान हलवायची. "अजून वाजयतंस?" मी होय म्हणायची. हा एक शब्द म्हणायला मी एसटीत सगळा वेळ तयारी करत असे.

मग मे महिन्यात आमच्या वाडीतल्या खुरसाकडे लादाईन होती. संध्याकाळी क्रूसासमोर प्रार्थना म्हणतात, मग उकडलेले चणे आणि थोडी फेणी. व्हायोलिन वाजवणाऱ्याला ताप आला. कोणीतरी म्हणालं, मेस्त्रीच्या चेडवाक बोलवा. बॉक्स नव्हता, म्हणून सगळे माझ्याभोवती दाटीवाटीने बसले, अगदी गुडघ्याला गुडघा. प्रार्थना झाल्यावर एक म्हातारी म्हणाली, "तां मयताचा वाजय बघया." चिडवायला म्हणाली. मी वाजवलं. ती उठली आणि तिच्या म्हाताऱ्याला घेऊन वाळूत चार पावलं नाचली. म्हणाली, "ह्याच्यावर पाय चलता माझो. बँडवाल्यांच्या मागना धावताना दम लागता." चण्यांबरोबर मला नाणी मिळाली. त्या बुधवारी मी पहिल्यांदा शेटच्या गल्ल्यावर काहीतरी ठेवलं. त्यांनी मोजलं आणि हसले, "ह्या गतीन फेडलंस तर उरलेले माझ्या नातवंडांक दिवचे लागतले."

पण त्यानंतर बोलावणी थांबली नाहीत. लग्न ठरलेल्या मुलींच्या आया यायच्या. लांब झगा, उंच टाचांचे बूट आणि शेणाने सारवलेली जमीन, त्यात जलद ट्यूनवर आत यायचं म्हणजे नवरी आपटायचीच. माझ्या चालीवर ती व्यवस्थित यायची, आणि लोकांना तिचं तोंड बघायला वेळ मिळायचा. एका पावसाळ्यानंतर कायतान मास्तर स्वतः मांगरीत आले, टोपी हातात घेऊन. "रोजू, बँडात ये गो. सगळी तुझी सावकाशीची मागतत." मी सांगितलं, येते, पण ढोलाच्या मागे बसणार नाही. आणि माझा वाटा माझ्या हातात. मास्तर पायकडे वळून म्हणाले, "मेस्त्री, ह्या बोलूक कधी शिकला?" पाय तासत राहिले.

आज शिरोड्यापर्यंत कुठेही आमच्या लोकांचं लग्न असलं तर नवरीला आत आणताना तीच ट्यून वाजते, सावकाश. आता कीबोर्डवर वाजवतात, त्यात ढोलही असतो आणि व्हायोलिनही. वाजवणाऱ्या पोरांना वाटतं ती गोव्याकडची जुनी चाल आहे. कोणाला सांगायला मी जात नाही. तो लाल कोटातला माणूस बिचारा दूरदेशी मेला. त्याच्या धावत्या ट्यूनवर इथल्या किती मुली जपून पावलं टाकत सासरी गेल्या, हे त्याला कोणी कळवलं नसेल. रियाला म्हटलं, तुझ्या फोनवरून कळवता आलं असतं. ती म्हणाली, आजी, नाव तरी माहीत होतं का तुला?

शेवटचे पैसे मी दुसऱ्या वर्षी, दिवाळीनंतरच्या बुधवारी नेले. दुकानात गिऱ्हाईक होतं, एक बाई टोप ठोकून बघत होती. शेटनी मला थांबायची खूण केली. मी पायरीवर नाही, आत जाऊन उभी राहिले. रुमाल सोडून नोटा आणि नाणी गल्ल्यावर ठेवली. त्यांनी वहीत बघितलं, मोजलं, एक नाणं पुन्हा मोजलं.

"पुरे झाले," शेट म्हणाले. "इसारो फिटलो. आता तरी समाजला मां, चूक झाली ती?"

टोप बघणारी बाई थांबून ऐकायला लागली होती.  या वेळी माझी मुंडी वर होती.

"पैसे तुमचे होते, ते दिलंय," मी म्हणाले. "वाजयलला परत घेतंय नाय."

शेटनी नोटा सरळ केल्या, गल्ल्यात घातल्या आणि वहीतल्या माझ्या नावावर आडवी रेघ मारली. रेघ मारून होईपर्यंत मी तिथेच उभी होते.